‘बाहेरचे आले आणि गाव बिघडलं’ : एका साच्याची तपासणी

सुरुवातीलाच एक कबुली देऊन टाकतो. नाहीतर पुढचं वाचताना कुणाला वाटायचं, हा कुठल्या तरी उंच माडीवरून बोलतोय.

गेल्या वर्षी गिरणीला सुट्टी होती म्हणून वरसेला गेलो होतो. वरसे म्हणजे रोह्याला खेटून असलेलं गाव. कागदावर ग्रामपंचायत, पण रस्त्यावर उभं राहिलं तर रोहा कुठं संपलं आणि वरसे कुठं लागलं ते कळत नाही. जवळच धाटावची एमआयडीसी, रसायनांचे कारखाने. कारखान्यांच्या पाळ्यांवर इथल्या भाड्याच्या खोल्या भरतात नि रिकाम्या होतात. खोल्यांत कोण? बिहारचे, उत्तर प्रदेशचे, आपल्याच मराठवाड्यातले कंत्राटी कामगार. एका खोलीत सहा-सहा, आठ-आठ. एक पाळी झोपते तेव्हा दुसरी कामावर.

तर आपल्याच पोरांची बैठक होती. विषय, ‘बाहेरचे लोक फार झाले’. त्यांना खोल्या देऊ नयेत असं निवेदन द्यायचं ठरलं. एक जण म्हणाला, “तू कवी हायेस ना, मग तूच लिव.” मी लिहिलं. अर्ध्या तासात लिहिलं. आमचं गाव शांत होतं, सगळे एकमेकांना ओळखत होते, रात्री-अपरात्री आयाबहिणी बिनधास्त फिरत होत्या, मग बाहेरून लोंढे आले आणि गावाचं गावपण गेलं. असं सगळं. पोरांनी टाळ्या दिल्या. मलाही बरं वाटलं. चांगलं मराठी उतरलं होतं.

रात्री झोप येईना. पाळीची सवय, दुसरं काय. महाडच्या लढ्यावरचं पुस्तक उशाशी होतं, ते चाळत पडलो. आणि मग घाम फुटला. कारण मी दुपारी जे लिहिलं होतं त्याची चाल मला त्या पुस्तकात सापडली. पण ती आपल्या बाजूच्या लोकांच्या तोंडी नव्हती. ती समोरच्यांच्या तोंडी होती.

मग मी स्वतःला विचारलं, ही वाक्यं माझ्या हातात आली कुठून? आमचं गाव शांत होतं, हे मला कुणी सांगितलं? माझ्या आज्याने तर कधी सांगितलं नाही. आज्याच्या गोष्टीतलं गाव कधीच शांत नव्हतं. मेलेलं ढोर ओढायला बोलवायला येणारं, वरच्या आळीतून जाताना चपला हातात घ्यायला लावणारं, असं ते गाव. मग ‘शांत गाव’ आलं कुठून?

उत्तर सरळ आहे. ते मी वाचलं होतं. कथांत, कादंबऱ्यांत, दिवाळी अंकांत, पेपरच्या रविवारच्या पुरवणीत. म्हणून हा लेख. साहित्य निरुपद्रवी असतं असं समजणाऱ्यांसाठी हा लेख नाही. साहित्यातली वाक्यं पुढे निवेदनात येतात, निवेदनातली नोटिशीत येतात, आणि नोटिशीतली काठीच्या टोकावर येतात.

१.

मी गिरणीत साच्यावर काम करतो. एकदा साचा लागला की कापड तेच निघतं. सूत कुणी का आणेना. मराठीत लहान गावाच्या गोष्टीचा असा एक साचा लागून गेलेला आहे.

नदीकाठचं गाव. देऊळ. पालखी. एसटीचा थांबा, त्याच्याजवळ एक हॉटेल, तिथे रोज बसणारी चार म्हातारी माणसं. सगळ्यांचं सगळ्यांशी नातं. मग काही तरी येतं. धरण येतं, कारखाना येतो, रेल्वे येते. त्यामागून माणसं येतात. त्यांची भाषा वेगळी, खाणं वेगळं, देव वेगळे. मग चोरी होते, दारूचं दुकान निघतं, एखादी पोरगी कुणाबरोबर तरी निघून जाते. शेवटी लेखक नदीकडे बघत उभा राहतो आणि म्हणतो, गेलं ते गाव.

इथं मी कथालेखकांची नावं घेत नाही, कारण भांडण एका लेखकाशी नाही. साच्याशी आहे. या साच्याला मी तीनच प्रश्न विचारतो.

पहिला : त्या हॉटेलात बसलेल्या चार म्हाताऱ्यांत बौद्धवाडीतला एक तरी होता काय? असला तर त्याचा कप आत होता की बाहेर खुंटीला?

दुसरा : ज्या गावात सगळ्यांचं सगळ्यांशी नातं होतं, तिथं कातकरी कुठं राहत होता? आपल्या रायगड जिल्ह्यात कातकऱ्याइतका जुना स्थानिक दुसरा कुणी दाखवा. तरी पावसाळा संपला की तोच पोराबाळांसकट वीटभट्टीवर निघतो. घराखालच्या जमिनीचा कागद नाही अशी किती तरी कातकरवाड्यांची गत. म्हणजे हजार वर्षं आत राहूनही माणूस बाहेरचाच राहू शकतो. साच्याला हे दिसत नाही.

तिसरा : गाव बिघडवणारा जो बाहेरचा, तो नेहमी वळकटी घेऊनच का येतो? जो मोटारीतून येतो, डोंगराच्या उतारावर एकरांनी जमीन घेतो, कुंपण घालतो, पाण्याच्या वाटा बंद करतो, तो बाहेरचा नाही काय? भांडवल कुठल्या गावचं? कुंडलिकेच्या पाण्याची जी गत झाली ती काय खोलीत आठ जण झोपणाऱ्या माणसांनी केली? ते सांडपाणी रसायनाच्या कारखान्यांचं. पण पैसेवाला बाहेरचा आला की आपण त्याला गुंतवणूकदार म्हणतो आणि घामवाला आला की परप्रांतीय म्हणतो.

आणि उलट बाजू बघा. रोह्याच्या मातीत वाढलेले चिंतामणराव देशमुख रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले, १९५० ते १९५६ देशाचे अर्थमंत्री होते. रोह्याला त्यांचा अभिमान आहे, असावाही. आपला माणूस बाहेर गेला तर कर्तबगार, दुसऱ्याचा माणूस आपल्याकडे आला तर लोंढा. हा कुठला हिशोब?

२.

प्रस्थापित मराठी साहित्यात बाहेरचा माणूस नेहमी वाईटच असतो असंही नाही. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ १९५५ साली आली. मला ही कादंबरी आवडते, हे लपवत नाही. औंध संस्थानातल्या धनगरांच्या वाडीवर एक तरणा मास्तर येतो. तो बाहेरचाच. पण वाडी त्याला हळूहळू आत घेते. त्याची शाळा भरते, तालीम उभी राहते, लोक त्याच्याकडे भांडणं घेऊन येतात. शेवटी दुष्काळ पडतो आणि वाडीच उठून जाते. बाहेरून आलेला मागे राहतो आणि आतले निघून जातात. माडगूळकरांनी इथं साचा मोडला. गाव बिघडतं ते माणसामुळे नव्हे, पाऊस न पडल्यामुळे. एवढा प्रामाणिकपणा पुढच्या किती जणांनी दाखवला?

पण एक गोष्ट ध्यानात घ्या. मास्तरला वाडी आत घेते, कारण तो हुकूम घेऊन आलेला आहे. त्याच्या मागे संस्थान आहे. त्याच्याकडे अक्षर आहे. त्याला आल्या दिवशी पाणी कुठल्या भांड्यातून द्यायचं हा प्रश्न वाडीपुढे येत नाही. बाहेरून येऊन आतला होण्याची ही सोय प्रत्येकाला मिळत नाही.

विजय तेंडुलकरांचं ‘अशी पाखरे येती’ हे १९७० चं नाटक. एका पांढरपेशा घरात एक भटका तरुण येतो, घरातल्या सगळ्यांना हलवून टाकतो, सरू नावाच्या मुलीला तिची स्वतःची किंमत दाखवून देतो आणि निघून जातो. इथं बाहेरचा माणूस चांगलं करतो. पण तो जातो, म्हणून तो गोड. पाखरासारखा आला नि गेला. तो तिथंच राहिला असता, शेजारी खोली घेतली असती, नळावर रांगेत उभा राहिला असता, तर? तर नाटक तिथंच फिरलं असतं. पाहुणा चालतो. शेजारी चालत नाही.

म्हणजे प्रस्थापित साहित्यात बाहेरच्याला दोन दरवाजे आहेत. एक हुकूम घेऊन येणाऱ्याचा आणि एक लवकर निघून जाणाऱ्याचा. जो हुकूम न घेता येतो आणि राहायला येतो, त्याला तिसरा दरवाजा नाही.

३.

आता महाडकडे येतो. रोह्यापासून महाड काही लांब नाही, एकाच जिल्ह्यातलं. तेव्हा कुलाबा जिल्हा म्हणायचे.

१९ आणि २० मार्च १९२७. कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद. हजारो माणसं महाडात आली आणि २० तारखेला बाबासाहेबांच्या मागून चवदार तळ्यावर जाऊन पाणी प्याली. एका लहान बाजारपेठेच्या गावात एका दिवसात एवढी माणसं! गावाचं समाजजीवन ढवळून काढणारे बाहेरचे लोक म्हणून याच्याएवढं मोठं उदाहरण आपल्या जिल्ह्यात दुसरं नाही.

पण ही माणसं बाहेरची होती काय? परिषदेच्या आखणीत पुढे असलेले रामचंद्र बाबाजी मोरे महाड तालुक्यातलेच. सुरेंद्रनाथ टिपणीस तर महाड नगरपालिकेचे अध्यक्ष. पाणी प्यायला आलेली बहुसंख्य माणसं याच कोकणातल्या खेड्यांतली. पिढ्यान् पिढ्या महाडच्या बाजाराला येणारी, मोळ्या विकणारी, ओझी वाहणारी. बाजारात ती चालत होती. तळ्यावर चालली नाहीत.

आणि तळं कुणाला बंद होतं? परगावचा मुसलमान व्यापारी पाणी घेऊ शकत होता. गुरंढोरं पीत होती. सार्वजनिक जागा अस्पृश्यांना खुल्या कराव्यात हा बोल्यांचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळात १९२३ साली झाला होता. महाड नगरपालिकेने तळं खुलं केल्याचा ठराव १९२४ साली केला होता. म्हणजे कायदा आपल्या बाजूला, नगरपालिका आपल्या बाजूला, जन्म याच मातीतला. तरीही आपण बाहेरचे.

मग काय झालं ते तुम्हाला ठाऊक आहे. वीरेश्वराच्या देवळात घुसणार अशी आवई उठवली गेली. मंडपात जेवत असलेल्या, परतीच्या वाटेला लागलेल्या माणसांवर लाठ्या चालल्या. कित्येकांना मुसलमानांच्या घरात आसरा घ्यावा लागला. नंतर शेण, गोमूत्र, दही, दूध ओतून तळं शुद्ध करण्यात आलं. ४ ऑगस्ट १९२७ ला नगरपालिकेने आपलाच ठराव मागं घेतला. डिसेंबरात कोर्टाकडून मनाई आणली गेली आणि २५ डिसेंबर १९२७ ला त्याच महाडात मनुस्मृती जळाली. तळ्याचा निकाल हायकोर्टात लागायला १७ मार्च १९३७ उजाडावा लागला. दहा वर्षं. एका ओंजळीसाठी दहा वर्षं.

या सगळ्यातून मला एक गोष्ट कळली. गावाला लांबून आलेला माणूस खुपत नाही. आपली ठरवून दिलेली जागा सोडणारा माणूस खुपतो. त्याने जागा सोडली की त्याला ‘बाहेरचा’ हे नाव मिळतं. मग तो शेजारच्या आळीतला का असेना. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर फौजेत नोकरी करून आले आणि अस्पृश्यतेविरुद्ध लिहू लागले. अशा फौजेतून परतलेल्या माणसाला गाव आपला म्हणत नव्हतं. कारण त्याने बाहेर जाऊन मान वर करून बघायला शिकून घेतलेलं होतं.

पुढे १९७८ साली विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याचा ठराव केला, तेव्हा वस्त्या पेटवल्या गेल्या. तेव्हाही एक शब्द वापरला गेला, ‘अस्मिता’. ज्यांनी १९५० साली औरंगाबादेत कॉलेज उभं केलं, त्यांचं नाव बाहेरचं ठरलं. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ यावा लागला. साचा तोच. फक्त कापडाचा पन्हा मोठा.

४.

साहित्यात ही गोष्ट पहिल्यांदा नागडी करून दाखवली ती बाबुराव बागुलांनी. ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा त्यांचा संग्रह १९६३ चा. त्यातली त्याच नावाची गोष्ट पुन्हा काढून वाचा. आपण ती ‘जळजळीत’ वगैरे म्हणून सोडून देतो. ती बाहेरच्या माणसाची गोष्ट म्हणून वाचा.

एक तरुण रेल्वेत नोकरी लागली म्हणून गुजरातेत उधन्याला जातो. अनोळखी गाव, वेगळी भाषा. तो सगळ्या अर्थाने बाहेरचा. खोली शोधताना त्याला जातीवरून विचारलं जातं आणि तो जात सांगत नाही, मुंबईचा आहे म्हणून सांगतो. आणि गंमत बघा, गाव त्याला आत घेतं! रामचरण त्याला गुरू मानतो, त्याच्या कविता ऐकतो. मुंबईहून आलेला, परप्रांतातला, अनोळखी माणूस. काही अडत नाही. ‘परका’ असणं हा उधन्यात गुन्हाच नाही.

मग जात उघडी पडते. आणि त्याच दिवशी, त्याच माणसांच्या हातून, त्याला मार बसतो. कालपासून आजपर्यंत तो काही अधिक लांबचा झालेला नव्हता. उलट तो आता ओळखीचा झाला होता. प्रत्येक गावाला ओळखीचा, कारण प्रत्येक गावाला एक महारवाडा आहे. बागुलांनी दाखवलं ते हे. ‘बाहेरचा’ या शब्दाच्या पोटात जात बसलेली आहे.

याच गोष्टीत काशिनाथ आहे. तो जात चोरत नाही, झगडतो, आणि शेवटी मार खाणाऱ्याला तोच सोडवतो. आपण वाचताना नेहमी काशिनाथ होतो. बरं वाटतं. पण त्या दुपारी वरसेत निवेदन लिहिताना मी कोण होतो? मी काशिनाथ नव्हतो. मी खोली द्यायच्या आधी ‘तू कोण’ विचारणारा होतो.

५.

पोरांचं गाऱ्हाणं खोटं आहे असं मी म्हणत नाही. दाराशी कारखाने असून हाताला काम नाही, हे खरं आहे. पण का नाही? कंत्राटदाराला स्थानिक पोरगा नको असतो, कारण स्थानिक पोरगा उद्या युनियन करील, संध्याकाळी घरी जाऊन चार माणसं घेऊन येईल. बाहेरचा कुणाला घेऊन येणार? त्याचं घर हजार मैलांवर. त्याला कमी पैशात बारा तास राबवता येतं. म्हणजे आपल्याला काम नाकारण्याचं कारण आणि त्याला राबवून घेण्याचं कारण एकच आहे. मग भांडण कुणाशी हवं? खोलीतल्या माणसाशी की खोलीच्या भाड्यापासून हजेरीपर्यंत सगळ्यात हात असलेल्या माणसाशी?

आणि त्या खोलीतला माणूस कोण हे आपण कधी विचारलं काय? मी विचारलं, दुसऱ्या दिवशी. चहाच्या टपरीवर एक माझ्याच वयाचा होता, बिहारचा. नाव विचारलं तर नुसतं पहिलं नाव सांगितलं. पुढचं विचारलं तर थोडा थांबला. ते थांबणं मला ओळखता आलं. तसं मीही थांबलेलो आहे, नव्या खात्यात, नव्या मुकादमासमोर. मी म्हटलं, “जय भीम.” तो बघतच राहिला. मग हसला आणि म्हणाला, “जय भीम, भैया.” त्याने आडनाव तरीही सांगितलं नाही. मीही पुन्हा विचारलं नाही.

मित्रांनो, मुंबईच्या गिरण्या कोकणातल्या नि घाटावरच्या बाहेरच्या माणसांनी चालवल्या. आपले आजे-पणजे त्यांत होते. आणि तिथंसुद्धा विणखात्यात आपल्या माणसाला घेत नव्हते, कारण धोट्यातून सूत तोंडाने ओढून घ्यावं लागे आणि आपल्या तोंडाचा विटाळ होई. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी ही गोष्ट उघड विचारली. एकाच छपराखाली, एकाच भोंग्यावर येणाऱ्या कामगारांतही आतले आणि बाहेरचे होते. ज्यांच्या वाट्याला हे आलं त्यांच्या नातवंडांनी ‘बाहेरच्यांना खोल्या देऊ नका’ म्हणावं?

४ नोव्हेंबर १९४८ ला संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्याचा उदोउदो करणाऱ्यांना सुनावलं होतं. खेडं म्हणजे स्थानिक संकुचितपणाचं डबकं, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. आणि मसुद्यात गावाला न धरता माणसाला धरलं याचा त्यांना आनंद होता. म्हणून कलम १५ मध्ये विहिरी, तळी, दुकानं, हॉटेलं आली. म्हणून कलम १९ मध्ये या देशाच्या नागरिकाला देशभर कुठंही फिरण्याचा आणि कुठंही राहण्याचा हक्क आला. पहिलं कलम वाचताना आपण महाड आठवतो. दुसरं वाचताना काय आठवायचं? मला वाटतं, तेही महाडच आहे. पाणी पिण्याचा हक्क आणि राहण्याचा हक्क हे एकाच ओंजळीतले.

६.

आता आपल्या लेखनाबद्दल. प्रस्थापितांना शिव्या देणं सोपं आहे, वरती मी त्या दिल्याच. पण आपल्या लेखनात तो शेजारचा खोलीवाला कुठं आहे? आपल्या आत्मकथनांनी गाव उघडा केला, फार मोठं काम केलं. आपल्या कवितेने शहराची घाण वर काढली. पण दुसऱ्या प्रांतातून आलेला, आपल्यासारखाच जात गिळून बसलेला कामगार आपल्या लेखनात कितीसा दिसतो? मला फार थोडा सापडला. तो आपल्याला दिसतो तेव्हा गर्दी म्हणून दिसतो. प्रस्थापितांना आपण असेच गर्दी म्हणून दिसत होतो.

म्हणून माझं मागणं कठीण आहे. ‘शांत गाव’ हे शब्द कुठंही दिसले की तिथं थांबा आणि विचारा, कुणासाठी शांत? स्वतःच्या लेखनात दिसले तर आधी खोडा. आणि कुणी तरी ती गोष्ट लिहा, ज्यात खोली मागणारा बाहेरचा आहे आणि दार उघडणारा आपला आहे. दार उघडल्यावर पहिला प्रश्न काय विचारला जातो, तिथून ती गोष्ट सुरू होईल. ती सोपी होणार नाही. त्यात आपणही नागडे होऊ.

निवेदनाचं काय झालं, हे सांगायला हवं. मी माझा मसुदा परत मागितला. पोरं चिडली. एक जण म्हणाला, “कविता येगळी नि पोटाचा प्रश्न येगळा.” त्याला माझ्याकडे तेव्हा उत्तर नव्हतं. आता एवढंच म्हणतो, पोटाचा प्रश्न असेल तर निवेदन कंत्राटाविरुद्ध लिहू, आणि त्याच्यावर खोल्यांतल्या माणसांच्याही सह्या घेऊ. तो मसुदा मी लिहायला घेतला आहे. अजून पुरा झालेला नाही. पहिला मसुदा अर्ध्या तासात झाला होता, कारण त्याची वाक्यं तयार होती. या मसुद्याची वाक्यं अजून कुणी लिहिलेली नाहीत.

जय भीम.